सह्याद्रीचा कडा कसा घडला : एका जुन्या प्रश्नाचा आढावा

प्रश्नाचा आकार

कसारा घाट चढून इगतपुरीला आलेला प्रवासी डोंगर ओलांडून पलीकडे उतरत नाही, तो वरच राहतो. बोरघाट चढून लोणावळ्याला या, आंबेनळी चढून महाबळेश्वरला या किंवा कुंभार्ली चढून हेळवाकला. पश्चिमेला तुटलेला कडा आणि पूर्वेला हळूहळू उतरत जाणारा मुलूख, हे चित्र बदलत नाही. कळसूबाई (१,६४६ मीटर), साल्हेर (१,५६७), महाबळेश्वर (१,४३८), हरिश्चंद्रगड (१,४२४) ही महाराष्ट्रातली उंच ठिकाणे या कडेवर किंवा तिच्या आसपासच आहेत. कृष्णा अरबी समुद्रापासून जेमतेम ६५ किलोमीटरवर उगम पावते, पण समुद्राकडे पाठ फिरवून १,४०० किलोमीटर चालत बंगालच्या उपसागराला मिळते. त्र्यंबकेश्वरला उगम पावणाऱ्या गोदावरीची गोष्टही तीच.

हिमालयात दोन भूखंडांची टक्कर झाली, थर दुमडले, एकमेकांवर चढले. इथे तसे काही दिसत नाही. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी पसरलेल्या लाव्हाचे थर सह्याद्रीत आजही जवळपास आडवे आहेत. एका घाटात दिसणारा थर पुढच्या घाटात त्याच क्रमाने पुन्हा भेटतो. दुमडलेला पर्वत नाही, तरी हजार मीटरच्या आसपासची भिंत उभी आहे. तापीच्या दक्षिणेपासून कन्याकुमारीपर्यंत सुमारे १,६०० किलोमीटर ती किनाऱ्याला समांतर जाते. ती कशी झाली, याची चर्चा दीडशे वर्षांहून जास्त काळ चालू आहे.

या चर्चेत तीन प्रश्न एकमेकांत गुंतलेले आहेत. हा प्रदेश उंच कशामुळे झाला? त्याची पश्चिम कड मुळात कुठे आणि केव्हा तुटली? आणि ती कड आजच्या जागी कशी आली? वाद घालणारे पुष्कळदा यातल्या एका प्रश्नाचे उत्तर देतात आणि ते तिन्ही प्रश्नांना लागू आहे असे धरून चालतात. म्हणून खालचा आढावा या प्रश्नांना शक्य तितके वेगळे ठेवून घेतला आहे.

परशुरामापासून ब्लॅनफर्डपर्यंत

कोकण समुद्रातून मिळवलेली भूमी आहे, ही समजूत भूविज्ञानाच्या कितीतरी आधीची. परशुरामाने समुद्र मागे हटवला ही कथा चिपळूणपासून केरळपर्यंत सांगितली जाते. तिला पुरावा म्हणून उभे करण्याचे कारण नाही. पण कडा आणि समुद्र यांचा काही संबंध असावा, हे इथे राहणाऱ्यांना नुसत्या नजरेनेही जाणवत होते, एवढे ती नक्की सांगते.

एकोणिसाव्या शतकात कर्नल साइक्स यांनी दख्खनच्या आडव्या थरांची नोंद केली. पुढे भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या विल्यम ब्लॅनफर्ड यांनी पश्चिम भारतातल्या लाव्हाचा तपशीलवार अभ्यास केला. त्या काळी कड्याला जुना किनारकडा मानण्याकडे कल होता: समुद्र एकेकाळी सह्याद्रीच्या पायथ्याशी होता, लाटांनी खडक कापला, मग समुद्र मागे गेला. ही कल्पना टिकली नाही. लाटांनी कापलेल्या कड्याच्या पायथ्याशी सागरी गाळ, शंखशिंपले, वाळूचे जुने पट्टे मिळायला हवेत, आणि कोकणच्या आतल्या भागात ते मिळत नाहीत. शिवाय लाटांनी कापलेली कड बऱ्यापैकी सरळ असते. सह्याद्रीची कड तशी नाही, ती ठिकठिकाणी खोल आत शिरते. राजमाचीवरून उल्हासच्या खोऱ्याकडे पाहिले की हे एका दृष्टिक्षेपात कळते.

विसाव्या शतकात डी. एन. वाडिया आणि एम. एस. कृष्णन यांच्या पाठ्यपुस्तकांवर पिढ्या वाढल्या. त्यांच्यामुळे दुसरे उत्तर रूढ झाले: पश्चिम किनाऱ्यालगत मोठा प्रस्तरभंग झाला, पश्चिमेकडचा भाग खचून समुद्राखाली गेला आणि उरलेल्या भागाची कड म्हणजे सह्याद्री. शाळेच्या भूगोलात आजही बहुतेकांनी हेच वाचलेले असते.

भेगेची बाजू

या मताला हलके लेखण्याचे कारण नाही, त्याच्या बाजूने बरेच काही आहे. किनारा विलक्षण सरळ आहे. वज्रेश्वरी-गणेशपुरीपासून उन्हवरे, तुरळ, राजापूरपर्यंत कोकणात गरम पाण्याच्या झऱ्यांची माळ आहे आणि ती किनाऱ्याला समांतर जाते. खोल भेगांतून पाणी खाली जाऊन तापून वर येते, हे त्याचे सरळ स्पष्टीकरण. समुद्रात मुंबई हायच्या परिसरात तेलासाठी विहिरी खणल्या तेव्हा चुनखडी आणि गाळाच्या जाड थरांखाली बेसाल्ट लागला. घाटमाथ्यावर उघड्यावर दिसणारा खडक तिथे खोल गाडलेला आहे, म्हणजे दोन्हींच्या मध्ये कुठेतरी जमीन खचलीच आहे.

सर्वांत बोलका पुरावा मुंबई-पनवेलच्या पट्ट्यात आहे. कर्जतच्या पूर्वेला आडवे असलेले लाव्हाचे थर पनवेलपासून पश्चिमेकडे कलू लागतात आणि मुंबईत ते स्पष्टपणे समुद्राकडे उतरतात. या वाकाची नोंद ब्लॅनफर्ड यांनी केली होती. १९४९ मध्ये जे. बी. ऑडन यांनी पश्चिम भारतातल्या डाइकांच्या, म्हणजे थरांना कापत उभ्या गेलेल्या लाव्हाभिंतींच्या, संदर्भात त्याची पुन्हा चर्चा केली. त्याचा अर्थ काय, यावर मात्र एकमत नाही. १९९५ मध्ये देसाई आणि बर्ट्रांड यांनी हा वाक ताणामुळे झालेल्या भंगांची रचना असल्याचे मांडले. १९९८ मध्ये हेतू शेठ यांनी खोलवर जाऊन आडव्या होत जाणाऱ्या वक्र भंगावर थर मागे कलले असल्याचे सांगितले. दोन्ही मांडण्यांत भूखंड तुटताना आलेला ताण समान आहे. सेशेल्सचा तुकडा भारतापासून सुमारे ६ कोटी ३० लाख वर्षांपूर्वी अलग झाला, आणि तो काळ या ताणाशी जुळतो.

११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेला झालेल्या भूकंपाने भेगेच्या मताला लोकांच्या मनात बळ दिले. त्याचा धरणाच्या जलाशयाशी असलेला संबंध नंतर जगभर अभ्यासला गेला. भूकंपांच्या कारणांचा शोध घेण्यासाठी गोठणे इथे तीन किलोमीटर खोल विहीर खोदण्यात आली. त्यात बेसाल्टचा जाड थर संपल्यावर मधे गाळाचा खडक न लागता थेट जुना ग्रॅनाइटी खडक लागला. कोयनेच्या खाली भंग आहेत, यात शंका नाही. पण त्या भंगांनी कडा उभा केला, हे त्यातून सिद्ध होत नाही.

भेगेच्या बाजूची खरी अडचण इथेच आहे. भिंत भंगाने झाली असेल तर भंग भिंतीच्या पायथ्याशी हवा, आणि तो तिथे सापडत नाही. १९८० च्या दशकात मुंबईच्या आयआयटीतले के. व्ही. सुब्बाराव आणि त्यांचे परदेशी सहकारी यांनी घाटाघाटांतून नमुने गोळा करून लाव्हाच्या थरांची रासायनिक ओळख पटवली आणि त्यांचा क्रम लावला. जव्हार, इगतपुरी, नेरळ, ठाकूरवाडी, भीमाशंकर, खंडाळा, बुशी, पोलादपूर, आंबेनळी, महाबळेश्वर अशी गावांची नावे त्या थरांना मिळाली. काही थर तर प्रयोगशाळेशिवायही ओळखू येतात. त्यांच्या काळ्या दगडात बोटाच्या पेराएवढे पांढुरके स्फटिक जागोजाग विखुरलेले असतात. कशेळे, मंचर, गिरवली ही नावे अशाच थरांची आहेत. हे खुणेचे थर कोकणातून घाटमाथ्याकडे जुळवत नेले तर पायथ्याशी शेकडो मीटरची उडी कुठे दिसत नाही. कड्याच्या खालचे थर आणि वरचे थर एकाच सलग रचनेचे भाग आहेत. भंग आहे तो किनाऱ्यालगत आणि समुद्राखाली. कडा आहे ५० ते ८० किलोमीटर आत.

झिजेची बाजू

मग कडा इतका आत आला कसा? तिसरे मत सांगते की तो झिजत झिजत मागे सरकला. भूखंड तुटला तेव्हा कड किनाऱ्याजवळ होती. पश्चिमेला पाण्याला समुद्रापर्यंत थोड्याच अंतरात उतरायचे असल्याने तिकडच्या ओढ्यांना जोर जास्त. ते मागे मागे खात गेले आणि कड पूर्वेकडे ढकलली गेली. १९८५ मध्ये क्लिफ ऑलियर आणि पुणे विद्यापीठातले के. बी. पोवार यांनी हे मत नेटकेपणाने मांडले. २००१ मध्ये जिऑलॉजिकल सोसायटी ऑफ इंडियाने यान गनेल आणि बी. पी. राधाकृष्ण यांच्या संपादनाखाली सह्याद्रीवर एक जाडजूड ग्रंथ काढला, त्यातही या मताला मोठी जागा आहे.

या मताचे पुरावे डोंगरात फिरणाऱ्या कुणालाही तपासता येतात, म्हणून त्यांच्यापाशी थोडे थांबतो. पहिला पुरावा माथेरानचा. माथेरान, प्रबळगड, इर्शाळगड, मलंगगड हे डोंगर मुख्य भिंतीपासून सुटे, कोकणात उभे आहेत. त्यांचे थर मुख्य कड्याच्या थरांशी जुळतात. कड मागे गेली तेव्हा हे तुकडे मागे राहिले, याहून सोपे स्पष्टीकरण दिसत नाही. दुसरा पुरावा घाटमाथ्यावरच्या नद्यांचा. मावळातल्या किंवा जुन्नरच्या पश्चिमेकडच्या कित्येक नद्यांची खोरी उगमापाशीच रुंद आणि सपाट आहेत. नदी लहान, खोरे मोठे. खोऱ्यातून वर पश्चिमेकडे चालत गेले की उगमाचा डोंगर लागतच नाही, जमीन एकदम संपते आणि खाली कोकण दिसते. या नद्यांचे शेंडे कड्याने खाल्ले आहेत. त्यांचे मूळ उगम आजच्या कोकणाच्या हवेत कुठेतरी होते.

तिसरी बाब कड्याच्या अंगाची. घट्ट बेसाल्ट उभ्या सांध्यांनी चिरलेला असतो, दोन थरांच्या मध्ये बऱ्याच ठिकाणी तांबड्या मातीचा किंवा पोकळ्यांनी भरलेल्या भुसभुशीत दगडाचा पट्टा असतो. पावसाचे पाणी सांध्यांतून मुरते, मऊ पट्ट्यावर अडते आणि तिथून बाहेर पडताना माती घेऊन जाते. वरच्या घट्ट थराचा आधार जातो आणि तो सांध्याच्या रेषेवर सुटतो. त्यामुळे कडा झिजला तरी उभाच राहतो, उताराला लागत नाही. पाऊसही दोन्ही बाजूंना सारखा नाही. महाबळेश्वरला वर्षाला जवळजवळ ६,००० मिलिमीटर पाऊस पडतो, पूर्वेला वीस किलोमीटरवरच्या पाचगणीत साधारण त्याचा तिसरा हिस्सा, आणि खाली वाईला हजार मिलिमीटरही नाही. पश्चिम बाजू झिजत राहते आणि पूर्व बाजू तुलनेने जशीच्या तशी राहते.

हिशेबही जमतो. कड ६ कोटी वर्षांत ६० किलोमीटर मागे आली असेल तर वेग पडतो दहा लाख वर्षांना एक किलोमीटर, म्हणजे वर्षाला एक मिलिमीटर. निसर्गात हा वेग अशक्य नाही.

कडा आजच्या जागी कसा आला, या प्रश्नापुरते मला झिजेचे उत्तर सर्वांत भक्कम वाटते. भेगेला ते नाकारत नाही. किनाऱ्याची भेग ही सुरुवात आणि झीज ही पुढची वाटचाल, असे दोन्ही एकत्र नांदू शकतात, आणि आज बहुसंख्य अभ्यासक याच्या जवळपास आहेत. मतभेद आहे तो वेगाबद्दल आणि उंचीबद्दल.

मग उंची आली कुठून?

झिजेने कड सरकते, पण पठार उंच का आहे ते झीज सांगत नाही. निव्वळ लाव्हाच्या जाडीने ही उंची आली, असे म्हणणे सोपे आहे आणि काही अंशी खरेही आहे. पण कळसूबाईकडे पाहावे. महाराष्ट्रातले हे सर्वोच्च शिखर लाव्हाच्या खालच्या, म्हणजे जुन्या थरांचे आहे. सह्याद्रीत सर्वांत वरचे, म्हणजे तरुण थर दक्षिणेला, महाबळेश्वर आणि त्याच्या पलीकडे आहेत. थर दक्षिणेकडे किंचित कललेले आहेत. कळसूबाईवरून किती लाव्हा झिजून गेला असेल, याचा विचार केला की जाडी आणि उंची यांचे नाते इतके सरळ नाही, हे लक्षात येते.

या प्रश्नावर आज निदान चार मते आहेत. १९८९ मध्ये कीथ कॉक्स यांनी असे मांडले की लाव्हा ओतणाऱ्या उष्ण प्रावरणस्तंभाने आधी जमीन घुमटासारखी फुगवली आणि नद्या त्या फुगवट्यापासून दूर पूर्वेकडे वळल्या. कृष्णा-गोदावरीची दिशा यातून छान उलगडते. मात्र या नद्यांचा पूर्वेकडचा कल लाव्हाच्याही आधीचा असावा, असे मानणारे अभ्यासक आहेत.

दुसरे मत झिजेशीच जोडलेले आहे. होडीतले ओझे उतरवले की ती पाण्यात वर येते, तसे कोकणातला खडक झिजून हलका झाला आणि तोच गाळ समुद्रात साचून तिथली जमीन दबली, त्यामुळे मधली कड वर उचलली गेली. गनेल आणि फ्लेतू यांनी १९९८ मध्ये याचे गणित मांडले. माइक विडोसन यांनी दक्षिण महाराष्ट्रातल्या जांभ्याने झाकलेल्या जुन्या पृष्ठभागांचा अभ्यास करून त्यांचे वाकणे याच दिशेने वाचले. या मताची खुबी अशी की उंचीसाठी वेगळ्या भूहालचालीची गरज पडत नाही. मर्यादा अशी की अशी उचल काही शेकडो मीटरची होऊ शकते, पण साऱ्या पठाराच्या उंचीचा हिशेब एवढ्याने लागत नाही.

तिसऱ्या मतानुसार ही उंची बरीच अलीकडची आहे. राधाकृष्ण यांनी १९९३ मध्ये द्वीपकल्प गेल्या काही कोटी वर्षांत पुन्हा उचलला गेल्याचे मांडले. के. एस. वाल्दिया यांनी म्हैसूरच्या पठारावरचे भंग आजही जागे असल्याचे सांगितले. २०१६ मध्ये रिचर्ड्स, हॉगार्ड आणि व्हाइट यांनी द्वीपकल्पातल्या नद्यांच्या उतारांचे आलेख उलगडून बहुतेक उचल गेल्या अडीच कोटी वर्षांतली असल्याचा निष्कर्ष काढला. याच्या उलट, पुण्याचे भूरूपशास्त्रज्ञ विश्वास काळे यांनी शेजवलकर यांच्यासह २००८ मध्ये दख्खनच्या पश्चिम भागातल्या नदीखोऱ्यांची मोजमापे तपासली, आणि त्यांना अलीकडच्या उचलीचा ठोस पुरावा मिळाला नाही. नद्यांच्या उतारातल्या पायऱ्या खडकाच्या कठीण-मऊपणामुळे किंवा हवामान बदलल्यामुळेही येतात. लाव्हाच्या प्रदेशात, जिथे दर काही मीटरवर खडकाचा स्वभाव बदलतो, तिथे हा आक्षेप गंभीरपणे घ्यायलाच हवा.

चौथे मत अगदी ताजे आहे. २०२४ मध्ये थॉमस गर्नन आणि सहकाऱ्यांनी नेचरमध्ये असे मांडले की भूखंड तुटल्यावर खालच्या प्रावरणात सुरू झालेली अस्थिरता हळूहळू भूखंडाच्या आतल्या बाजूला सरकते, खंडाच्या तळाचा जड भाग सुटत जातो आणि हलका झालेला भूभाग वर येतो. दक्षिण आफ्रिका, ब्राझील आणि आपला पश्चिम घाट या तिन्ही ठिकाणी किनाऱ्यापासून आत उंच पठारे का आहेत, याचे एकच उत्तर त्यात मिळते. कल्पना आकर्षक आहे, पण सह्याद्रीतल्या स्थानिक तपशिलांवर ती अजून पुरेशी घासून पाहिलेली नाही.

जांभ्याची साक्ष

काळ ठरवायचा तर साक्षीदार हवा, आणि सह्याद्रीत तो आहे जांभा. उष्ण, पावसाळी हवेत खडक दीर्घकाळ कुजला की वरती लोहाने भरलेला तांबडा कडक थर उरतो. असा जांभा दोन वेगळ्या उंचीवर आहे: महाबळेश्वर, पाचगणी, कासच्या माथ्यांवर, आणि खाली रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या सड्यांवर, समुद्रसपाटीपासून शंभर-दोनशे मीटरवर. खालचा जांभा म्हणजे वरचाच पृष्ठभाग खचलेला, असे भेगेचे समर्थक म्हणत. कड मागे सरल्यावर खाली नवी सपाटी तयार झाली आणि तिच्यावर वेगळा जांभा तयार झाला, असे झिजेचे समर्थक म्हणतात. १९८३ मध्ये श्मिट, प्रसाद आणि रामम यांनी जांभ्यातल्या चुंबकीय दिशा मोजल्या. वरचा जांभा जुना आणि खालचा बराच नंतरचा, असा त्याचा निकाल आला. तो दुसऱ्या मताला अनुकूल आहे.

खरी चुरस पुढे सुरू झाली. २०१६ मध्ये निकोला बोने, अनिसे बोव्हे आणि सहकाऱ्यांनी गोव्याच्या खाणींसह द्वीपकल्पातल्या जांभ्यातल्या मँगनीज खनिजांचे वय आर्गॉन पद्धतीने काढले. त्यात खालच्या सपाटीवरची काही वये ४ कोटी ७० लाख वर्षांपर्यंत मागे गेली. म्हणजे तेव्हा खालची सपाटी अस्तित्वात होती आणि कडा जवळपास घडून चुकला होता. कड आधी झपाट्याने मागे गेली आणि मग बराच काळ मंदावली, असे यातून निघते.

दुसरीकडे २०१५ मध्ये मंडल आणि सहकाऱ्यांनी दक्षिणेकडच्या घाटात नद्यांच्या वाळूतले बेरिलियम-१० मोजले. वैश्विक किरणांमुळे गारेच्या (क्वार्ट्झच्या) कणांत हे समस्थानिक साठत जाते, आणि जमीन जितक्या वेगाने झिजते तितके ते कमी साठते. कड्याच्या बाजूची झीज पठारापेक्षा कितीतरी पट जास्त निघाली. २०२१ मध्ये वांग आणि विलेट यांनी पश्चिम घाटातले हेच प्रकाशित आकडे घेऊन वेगळा हिशेब मांडला: झीज वरून खाली न मोजता आडवी मोजली. तेव्हा कड दहा लाख वर्षांना काहीशे ते काही हजार मीटर मागे जाते, असे दिसले. भूखंड तुटल्यापासून ती किनाऱ्यापासून जवळपास एकसारख्या वेगाने सरकत आली, या कल्पनेशी आजची तिची जागा जुळते.

हे दोन निष्कर्ष सहज एकत्र बसत नाहीत. कडा साडेचार कोटी वर्षांपूर्वी जवळपास आजच्या जागी असेल तर तो तेव्हापासून एकसारख्या वेगाने सरकलेला नाही. एकसारख्या वेगाने सरकला असेल तर कड्याच्या पायथ्याजवळची सपाटी तरुण आणि किनाऱ्याजवळची जुनी असली पाहिजे. हा फरक तपासता येण्याजोगा आहे: किनाऱ्यापासून पायथ्यापर्यंत एका सरळ रेषेत जांभ्याची वये काढली आणि ती पूर्वेकडे कमी होत गेली तर एक बाजू बळकट होते, सारखी राहिली तर दुसरी.

पालघाटच्या अलीकडे-पलीकडे

सह्याद्री म्हटले की आपल्याला काळा कातळ आठवतो, पण गोवा-बेळगावच्या आसपास लाव्हा संपतो. पुढे कर्नाटक-केरळात अतिप्राचीन नीस आणि चार्नोकाइट खडक आहेत. दोडाबेट्टा (२,६३७ मीटर) आणि द्वीपकल्पातले सर्वोच्च शिखर अनैमुडी (२,६९५ मीटर) त्याच खडकांचे, आणि दोन्हींच्या मध्ये पालघाटची सुमारे ३० किलोमीटर रुंद खिंड आहे. दक्षिणेचा किनारा मादागास्करपासून सुमारे ८ कोटी ८० लाख वर्षांपूर्वी सुटला, उत्तरेचा सेशेल्सपासून नंतर. खडक वेगळे, तुटण्याचा काळ वेगळा, तरी ही खिंड सोडली तर भिंत सलग. म्हणून लाव्हाच्या जाडीवर आधारलेले कोणतेही स्पष्टीकरण साऱ्या घाटाला पुरत नाही. उलट, भिंत सलग आहे म्हणून तिची कहाणीही सर्वत्र एकच असेल, हेही गृहीत धरता येत नाही.

काय उरले आहे

वरच्या मोजण्या कुठल्या प्रदेशातल्या आहेत, हे पाहिले की एक गोष्ट खटकते. बेरिलियम-१० गारेत मोजतात आणि बेसाल्टमध्ये गार नसते, म्हणून ते आकडे दक्षिणेच्या खडकांतले. खडक किती खोलीवरून वर आला हे सांगणाऱ्या अपॅटाइटच्या मोजण्याही मुख्यतः लाव्हाबाहेरच्या. मँगनीजची वये गोव्याच्या आणि कर्नाटकच्या खाणींतली. म्हणजे ज्या भागाबद्दल सर्वांत जास्त लिहिले गेले, ज्याच्या थरांना आपल्या गावांची नावे आहेत, त्या नाशिक ते कोल्हापूरच्या कड्याचा वेग आपण बहुतांशी शेजारच्या प्रदेशावरून अंदाजाने धरतो. बेसाल्ट जास्त सांध्यांचा, मऊ-घट्ट थरांचा. तो दक्षिणेच्या चार्नोकाइटच्या वेगानेच मागे जाईल, असे मानायला आधार नाही.

यावर उपाय आहे. बेसाल्टमधल्या पायरोक्सिन आणि ऑलिव्हिन या खनिजांत हीलियम-३ मोजून झिजेचा हिशेब काढता येतो, आणि हवाईसारख्या लाव्हाच्या बेटांवर तो काढलाही गेला आहे. कोकणातल्या सावित्री, वाशिष्ठी, काळू, उल्हास या नद्यांच्या वाळूवर ही पद्धत लावली तर महाराष्ट्राच्या कड्याचे स्वतःचे आकडे मिळतील. समुद्रातल्या तेलविहिरींच्या नोंदींत झिजून गेलेल्या कोकणाचा गाळ थराथराने साठलेला आहे. कोणत्या काळात तो किती आला, हे जमिनीवरच्या वयांशी ताडून पाहण्याचे काम बरेच बाकी आहे.

या प्रश्नाला पायथ्याशी राहणाऱ्यांच्या दृष्टीने आणखी एक बाजू आहे. कड वर्षाला सरासरी एक मिलिमीटर सरकते याचा अर्थ दर वर्षी एक मिलिमीटर पडतो असा होत नाही. शतकानुशतके काही न पडता एके दिवशी मोठा तुकडा सुटू शकतो, किंवा दर पावसाळ्यात थोडी थोडी दरड येऊ शकते. सरासरी दोन्हींची सारखीच. २२ जुलै २०२१ ला महाडजवळ तळियेत आणि १९ जुलै २०२३ ला खालापूर तालुक्यात इर्शाळवाडीत दरड कोसळून जे घडले, ते याच प्रक्रियेतले आहे. तिथे माणसे गेली, घरे गाडली गेली. इर्शाळवाडी तर कड मागे सरताना सुटून राहिलेल्या डोंगराच्या अंगावरच होती. उतारावरची झाडतोड आणि रस्त्यांसाठी कापलेले डोंगर यांचा वाटा किती आणि कड्याच्या स्वतःच्या चालीचा किती, हे आज वेगळे काढता येत नाही, कारण जुन्या दरडींची वये कुणी पद्धतशीर काढलेली नाहीत. रायगड, रत्नागिरी, सातारा आणि पुणे जिल्ह्यांतल्या कड्याखाली गावोगाव जुने दगडी ढिगारे आहेत, त्यांच्यावर आज जंगल आणि वस्ती आहे. ते कोणत्या थरातून सुटले, केव्हा सुटले आणि किती मोठे होते, याची नोंद झाली तर कडा थोडा थोडा सरकतो की मोठमोठ्या तुकड्यांनी, हे ठरवता येईल, आणि कोणत्या वाडीच्या डोक्यावरचा थर सुटण्याच्या बेतात आहे, तेही पाहता येईल.